जेरार रिनाल्दी बघायचाय? मग आधी गाणी ऐका

फ्रेंच कॉमेडी म्हटलं की आपले लोक लुई द फ्युनेसवर थांबतात, पण सत्तरच्या दशकात तिकडे ‘ले शार्लो’ नावाच्या टोळीने पण थिएटरं भरली होती आणि त्यांचा गायक, सॅक्सोफोनवाला आणि पडद्यावरचा हिरो म्हणजे जेरार रिनाल्दी. याचं काम बघायचं असेल तर कुठून सुरू करायचं ते सांगतो.

सर्च करताना नुसतं शार्लो टाकू नका, फ्रान्समध्ये चॅप्लिनच्या ट्रॅम्प या पात्रालाच शार्लो म्हणतात त्यामुळे सगळा चॅप्लिनच येतो, सोबत रिनाल्दी टाका.

पहिल्याच दिवशी सिनेमा लावायचा नाही. ही मुळात बँड होती, नाव ले प्रोब्लेम, १९६६ मध्ये अँत्वान नावाच्या लांब केसवाल्या गायकामागे वाजवायचे, आणि त्याचं गाणं हिट झाल्यावर यांनी त्याच गाण्याची टर उडवणारं गाणं काढलं, म्हणजे ज्याच्यामागे वाजवतोय त्याचीच खिल्ली! शार्लो हे नाव तिथूनच आलं. ते ऐका, मग १९७१ चं ‘मेर्सी पात्रों’. त्यात कामगार मालकाचे आभार मानतायत, चाल एकदम सहलीला निघाल्यासारखी, सगळे मिळून ला ला ला, आणि रिनाल्दी इतका गोड आवाज लावतो की टोमणा आहे हे आपल्याला जरा उशिरा कळतं. भाषा नाही आली तरी चालेल, शब्दांचा अर्थ एकदा वाचून घ्या आणि परत लावा. पडद्यावर पण तो हेच करतो, चेहरा सरळ ठेवून वात्रटपणा.

आता सिनेमे. ‘ले बिदास आं फोली’ (१९७१, दिग्दर्शक क्लोद झिदी) पहिला, कारण त्यात ते स्वतःसारखेच आहेत, गाणी वाजवणारी पाच पोरं आणि त्यांना सक्तीच्या लष्करी नोकरीत जावं लागतं. फ्रान्समध्ये ७० लाखांवर तिकिटं गेली याची. यातला ल्युई रेगो नीट बघून ठेवा, पुढे तो टोळीतून बाहेर पडला आणि पाचाचे चार झाले. मग ‘ले फू द्यू स्ताद’ (१९७२), ऑलिंपिकची ज्योत गावातून जाते आणि रिनाल्दीची होणारी बायको ज्योतवाल्याबरोबर सटकते, मग काय, हे चौघे तिच्यामागे थेट ऑलिंपिकमध्ये.

माझ्या मते सगळ्यात भारी ‘ल ग्रां बाझार’ (१९७३). मिशेल गालाब्रू हा नट छोटा दुकानदार झालाय, त्याच्या दुकानासमोर मोठं सुपरमार्केट उभं राहतं आणि त्याचं दुकान वाचवायला ही पोरं सुपरमार्केटमधलाच माल उचलून इकडे स्वस्तात विकतात. सुपरमार्केटचा मॅनेजर झालाय मिशेल सेरो. कोपऱ्यावरच्या वाण्याकडून सामान घेतलेल्या माणसाला हे समजवावं लागत नाही. सबटायटल चांगले मिळाले नाहीत तरी हा कळतो, अर्धी कॉमेडी पळापळीची आणि पडापडीची आहे.

मस्केटिअरवाले दोन (१९७४) सलग बघा, एकच गोष्ट आहे. १९७५ च्या हाँगकाँगवाल्यात हॉलिवूडचा नट मिकी रूनी आहे, तेवढ्यासाठी बघा हवं तर. पुढे घसरण आहे, १९८० चा ड्रॅक्युलावाला मी कोणाला सांगणार नाही. पण १९८३ चं ‘लापेरोबिक’ गाणं सोडू नका, टीव्हीवरच्या एरोबिक्सच्या फॅडची टर आहे, व्यायामाच्या नावाखाली दारूचे प्याले रिचवायचे.

शार्लो सोडल्यावर रिनाल्दी टीव्हीवर ‘मार्क ए सोफी’ मध्ये होता, १९८७ ते ९१, नवरा-बायको दोघं डॉक्टर, एक माणसांचा एक जनावरांचा. हे फॅन झालात तरच. त्यापेक्षा घरात पोरं असतील तर डिस्नेच्या गूफीचं एखादं कार्टून फ्रेंच ऑडिओवर लावा, २०१२ मध्ये गेला तोपर्यंत कितीतरी वर्षं फ्रेंच गूफीला त्याचाच आवाज होता.