सांबा शुला कसा ऐकावा आणि त्याची टाळी कशी धरावी

ब्राझीलच्या बाहिया राज्यात साल्वादोरच्या उपसागराभोवतालच्या रेकोंकावो प्रदेशात आफ्रिकी गुलामांच्या वंशजांनी जपलेला सांबा द रोदा म्हणजे रिंगण करून गायचा आणि नाचायचा सांबा. रिओच्या कार्निव्हलमधल्या सांब्याचे एक मूळ याच परंपरेत आहे. युनेस्कोने 2005 साली तिचा मानवजातीच्या मौखिक आणि अमूर्त वारशाची उत्कृष्ट कृती म्हणून गौरव केला. तिच्यातला शुला हा प्रकार समजून घ्यायचा असेल, तर सांतो आमारोजवळच्या साओ ब्राझ गावचे गायक जोआंव दो बोई यांच्या ध्वनिमुद्रणांपासून सुरुवात करावी. भाऊ आलुमिनियो यांच्या जोडीने त्यांनी आयुष्यभर आपल्या गावाचाच शुला गायला.

पहिले काम टाळीचे आहे, आणि ते वाटते तितके सोपे नाही. केरव्याप्रमाणे आठ समान मात्रा मोजाव्यात, पायाचा ठोका पहिल्या आणि पाचव्या मात्रेवर ठेवावा आणि टाळी पहिल्या, चौथ्या व सातव्या मात्रेवर द्यावी. पाय आणि टाळी केवळ पहिल्या मात्रेवर एकत्र येतात. नवशिक्याची टाळी बहुतेक वेळा तीन समान अंतरांत सरकते आणि सारी लय सपाट होते. म्हणून मोजणी तोंडाने चालू ठेवून गती अगदी संथ ठेवावी आणि पाय न डगमगता टाळी पडू लागल्यावरच ती वाढवावी. पुढे तिसऱ्या आणि सहाव्या मात्रेवरच्या टाळ्या त्यात मिसळता येतात. रिंगणात काही जण हातांऐवजी लाकडी फळ्यांचे छोटे तुकडे एकमेकांवर आपटतात, त्यामुळे हीच टाळी अधिक धारदार होते.

टाळी स्थिरावल्यावर गाण्याच्या रचनेकडे लक्ष द्यावे. दोन गायक समांतर स्वरांत शुला गातात आणि दुसरी जोडी ‘रेलातिवो’ नावाच्या ओळींनी त्यांना उत्तर देते. हे गायन चालू असताना रिंगणात कोणीही नाचत नाही. शब्द थांबले आणि वाद्ये मोकळी झाली की मग एकच स्त्री मध्ये उतरते. सांबा कोरीदो या दुसऱ्या प्रकारात मात्र एकजण गातो, समूह साथ देतो आणि नाचही त्याच वेळी चालतो. माझ्या मते शुल्याचे सौंदर्य या सक्तीच्या थांबण्यातच आहे, कारण त्यामुळे गायकाचे शब्द नर्तकीलाही ऐकावेच लागतात.

नाचताना पावले जमिनीला जवळजवळ चिकटलेली ठेवून ती बारीक पुढे-मागे सरकवावीत. या पदन्यासाला मिउदिन्यो म्हणतात. उड्या आणि हातवारे टाळावेत. वादकांसमोर जाऊन त्यांना मान द्यावा आणि आपली पाळी संपली की पोटाला पोट भिडवून, किंवा तसा नुसता इशारा करून, पुढच्या व्यक्तीला बोलवावे. या उंबिगादाशिवाय मध्येच घुसणे असभ्य ठरते.

घरी सरावासाठी जाड बशी डाव्या तळव्यावर धरून तिच्या कडेवरून सुरी खरवडावी. हे रेकोंकावोमधले खरेखुरे वाद्य आहे. सांतो आमारोच्या एडिथ दो प्रातो त्याच्या वादनासाठी प्रसिद्ध होत्या. खरवड अखंड ठेवून आघात टाळीच्या जागी द्यावा, आणि अर्थातच घरातली सर्वांत चांगली बशी त्यासाठी घेऊ नये.

माशेते या छोट्या, दुहेरी तारांच्या वाद्याचा नाद सर्वांत शेवटी वेगळा काढावा. ते वाजवणारे आणि बनवणारे अगदी थोडे उरले होते. साओ फ्रांसिस्को दो कोंदी इथल्या झे दे लेलिन्या यांनी अखेरच्या काळात तरुणांना ते शिकवले. गायन थांबल्यावर नाचाच्या वेळी माशेतेची कामगिरी सर्वांत स्पष्ट ऐकू येते, म्हणून ध्वनिमुद्रणातला तोच भाग पुन्हा पुन्हा लावावा.