शस्त्र परवाना आणि बंदूक: अर्जापासून वारसापर्यंत या चुका टाळा

शस्त्र कायद्यात अडकणारा प्रत्येक माणूस गावठी कट्टा बाळगणारा नसतो. मुदत उलटलेला परवाना, वडील गेल्यावर माळ्यावर तशीच राहिलेली बंदूक, प्रवासी बॅगेच्या कप्प्यात विसरलेले एक काडतूस, अशा गोष्टींवरून सरळमार्गी माणसांवरही गुन्हे दाखल होतात. भारतात बिगरपरवाना बंदूक बाळगण्याची शिक्षा किमान २ आणि कमाल ५ वर्षे कैद व शिवाय दंड आहे. त्यामुळे ‘माहीत नव्हते’ हे फार महाग पडते.

आधी एक गोष्ट. मूळ कायदा १९५९चा, पण आजचे नियम २०१६चे आहेत आणि २०१९च्या अखेरीस कायद्यात मोठी दुरुस्ती झाली. परवाना काढून वीस वर्षे झालेल्या काकांचा सल्ला आपुलकीचा असतो, पण तो बहुतेकदा जुन्या नियमांचा असतो. ‘तीन बंदुका चालतात’, ‘तीन वर्षांनी नूतनीकरण’ ही दोन्ही वाक्ये आज चुकीची आहेत. आता एका व्यक्तीला जास्तीत जास्त दोन बंदुका ठेवता येतात आणि परवान्याची मुदत साधारणपणे ५ वर्षांची असते. वारशाने आलेली बंदूकही त्या दोनांतच मोजली जाते.

अर्ज करताना

अर्ज ‘ए-१’ नमुन्यात करायचा. पोलीस आयुक्तालयाच्या हद्दीत राहत असाल तर तो आयुक्तांकडे, नाहीतर जिल्हाधिकाऱ्यांकडे जातो. वयाची २१ वर्षे पूर्ण हवीत. नेमबाजी शिकणाऱ्या मुलांना दिलेली सवलत फक्त सरावापुरती आणि अटींसह आहे. ती दाखवून घरात पिस्तूल ठेवता येत नाही.

सर्वांत जास्त अर्ज बिघडतात ते ‘कारण’ या रकान्यात. ‘स्वसंरक्षणासाठी’ एवढा एकच शब्द लिहून अर्ज दिला की चौकशीला आलेल्या अंमलदारापुढे तपासायला काही नसते आणि अहवाल ‘विशेष धोका आढळून येत नाही’ असा जातो. धोका कशाचा, कधीपासून, कुठे, हे लिहा. धमकी आली असेल तर तक्रारीची प्रत जोडा. रोज रोकड घेऊन आडरस्त्याने जावे लागत असेल तर व्यवसायाची कागदपत्रे आणि बँकेत भरणा केल्याचे पुरावे जोडा. शेतावर एकटे घर असेल तर अंतर, वस्ती आणि आधी झालेल्या चोऱ्यांच्या नोंदी द्या. एकाच मजकुराची झेरॉक्स करून दहा जणांनी दिलेले अर्ज कार्यालयाला लगेच ओळखू येतात.

दुसरी चूक याहून गंभीर आहे: गुन्ह्याची माहिती लपवणे. ‘केस मिटली’, ‘निर्दोष सुटलो’, ‘नुसता चांगल्या वर्तणुकीचा बाँड होता’ म्हणून लोक रकाना कोरा सोडतात. सगळे लिहा आणि निकालाची प्रत जोडा. सुटका झालेला खटला परवान्याच्या आड येईलच असे नाही, पण लपवलेला खटला नक्की येतो. माहिती दडवून मिळवलेला परवाना नंतर कधीही रद्द करता येतो, म्हणजे पाच वर्षांनी एखादा शेजारी तक्रार करेल तेव्हाही. आधी अर्ज केला होता आणि तो नामंजूर झाला असेल, तर तेही सांगावे लागते.

शस्त्र हाताळण्याच्या सुरक्षा प्रशिक्षणाचा दाखला आणि शारीरिक-मानसिक आरोग्याचा वैद्यकीय दाखला हे दोन कागद लोक शेवटी आठवतात. त्यासाठी अर्ज थांबतो, म्हणून ते आधीच मिळवा. प्रशिक्षण हा केवळ उपचार समजू नका. भरलेले आणि रिकामे शस्त्र नजरेने ओळखणे, ते दुसऱ्याच्या हाती कसे द्यायचे, चापावर बोट केव्हा जाते, हे घरात बंदूक येण्यापूर्वीच अंगवळणी पडले पाहिजे.

‘सातबारा नाही, घर भाड्याचे आहे, मग परवाना मिळणार नाही’ ही समजूत चुकीची आहे. पुरेशी मालमत्ता नाही एवढ्याच कारणावरून परवाना नाकारता येत नाही, असे कायद्याच्या कलम १४ मध्ये स्पष्ट म्हटले आहे. अर्ज नामंजूर झाला तर लेखी कारण मागून घ्या. अपिलाची मुदत ३० दिवसांची आहे. साहेबांना भेटून पाहू म्हणत ती घालवू नका.

एजंटाकडून परराज्यातला ‘तयार’ परवाना घेण्याच्या फंदात अजिबात पडू नका. जम्मू-काश्मीरमधून अशा रीतीने दिल्या गेलेल्या परवान्यांची चौकशी सीबीआयपर्यंत गेली आहे. जिथे आपण राहत नाही, तिथल्या पत्त्यावर निघालेला परवाना म्हणजे खोट्या माहितीवर मिळवलेला परवाना.

खरेदीच्या दिवशी

परवाना हाती आला की आधी पुस्तिकेतली प्रत्येक ओळ वाचा: शस्त्राचा प्रकार, बोअर (म्हणजे नळीच्या आतल्या पोकळीचे माप), काडतुसे एका वेळी किती आणि वर्षाला किती, परवाना कोणत्या हद्दीत चालतो, शस्त्र कधीपर्यंत घ्यायचे. सामान्य माणसाला मिळतो तो ‘नॉन-प्रोहिबिटेड’, म्हणजे प्रतिबंधित नसलेल्या बोअरचा परवाना. त्यात .३२चे रिव्हॉल्व्हर किंवा पिस्तूल, .३१५ रायफल, बारा बोअर ही नेहमीची शस्त्रे येतात. ९ मिमी पिस्तूल प्रतिबंधित बोअरमध्ये मोडते. त्याचा परवाना केंद्रीय गृह मंत्रालयाकडून येतो आणि तो क्वचितच मिळतो. प्रतिबंधित शस्त्र बेकायदा बाळगल्यास शिक्षा ७ ते १४ वर्षांची आहे.

दुकानात शस्त्र हातात घ्या आणि त्यावर कोरलेला क्रमांक स्वतः वाचा, गरज पडली तर भिंग घेऊन. इंग्रजी अक्षर आणि त्यापुढचे आकडे एकेक करून बिलाशी जुळवा, मग पुस्तिकेतल्या नोंदीशी. ‘बी’चा ‘आठ’, ‘एक’चा ‘सात’ होणे नेहमीचे आहे. ही चूक त्याच दिवशी एका सहीने दुरुस्त होते. वर्षभराने पोलीस तपासणीत सापडली तर पुस्तिकेत नसलेले शस्त्र तुमच्याकडे आहे, असा तिचा अर्थ निघतो. क्रमांक खोडलेला किंवा घासलेला दिसला तर ते शस्त्र घेऊ नका, किंमत कितीही कमी असो.

ओळखीच्या माणसाकडून जुनी बंदूक घ्यायची असेल तर पैसे देऊन ती घरी आणता येत नाही. विकणाऱ्याने जिल्हा दंडाधिकाऱ्यांना किंवा जवळच्या पोलीस ठाण्याला लेखी कळवायचे आणि त्यानंतर किमान ४५ दिवस थांबायचे. पोचपावती दोघांनीही ठेवा. घेणाऱ्याकडे त्याच प्रकारच्या शस्त्राचा परवाना असायलाच हवा.

एअरगनच्या बाबतीतही गल्लत होते. ४.५ मिमी म्हणजे .१७७ इंचापर्यंतचा बोअर आणि २० ज्यूलपर्यंतची ऊर्जा असेल, तरच परवाना लागत नाही. .२२ची एअरगन दिसायला तशीच असली तरी ती या सवलतीत बसत नाही.

रोजच्या वापरातले घोटाळे

परवाना व्यक्तीच्या नावावर असतो, घराच्या नाही. भाऊ, मुलगा, ड्रायव्हर यांच्या कमरेला तुमचे पिस्तूल दिसले तर तो आणि तुम्ही दोघेही अडचणीत येता. कायद्याने दिलेली मोकळीक मर्यादित आहे: दुरुस्ती, नूतनीकरण किंवा तुमच्या स्वतःच्या वापरासाठी दुसरी व्यक्ती शस्त्र नेऊ शकते, तेही तुमच्यासमोर किंवा तुमच्या लेखी अधिकारपत्रावर. अधिकारपत्र तोंडी चालत नाही.

घरात शस्त्र आणि काडतुसे वेगवेगळ्या ठिकाणी, कुलूपबंद ठेवा. किल्ली कपाटावर नको, मुलांना ती पहिल्या आठवड्यात सापडते.

नेमबाजीच्या रेंजवरून किंवा गावाहून आल्यावर बॅग पूर्ण रिकामी करून झटका, सगळ्या चेन उघडा, अस्तराच्या फाटक्या कोपऱ्यात बोट घालून बघा. विमानतळाच्या एक्स-रे यंत्रावर अडकलेली बहुतेक माणसे काडतूस मुद्दाम नेत नाहीत, ते अस्तरात सरकलेले असते. काडतूस आहे हे माहीत असून बाळगणे आणि नकळत राहणे यात न्यायालये फरक करतात, पण तो सिद्ध होईपर्यंत विमान गेलेले असते आणि गुन्हा नोंदवलेला असतो.

लग्नाच्या वरातीत किंवा विजयाच्या मिरवणुकीत हवेत गोळी झाडणे हा २०१९पासून स्वतंत्र गुन्हा आहे: २ वर्षांपर्यंत कैद किंवा १ लाख रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही. वर गेलेली गोळी कुणाच्या तरी गच्चीवर, कुणाच्या तरी डोक्यावर खाली येते. ‘फक्त एक राउंड’ म्हणणाऱ्याला थांबवा.

शेतकऱ्यांसाठी सर्वांत महत्त्वाचे हे. पीक संरक्षणासाठी मिळालेला बंदुकीचा परवाना म्हणजे रानडुक्कर मारण्याची परवानगी नाही. त्यासाठी १९७२च्या वन्यजीव संरक्षण कायद्याखाली वन विभागाचा वेगळा लेखी आदेश लागतो. परवाना खिशात आहे म्हणून रात्री रानात बार काढणारा माणूस दोन कायद्यांत एकदम सापडतो. अभयारण्यापासून १० किलोमीटरच्या आत राहत असाल, तर परवानाधारक म्हणून वन विभागाकडे नोंदणी करावी लागते आणि नव्या परवान्याला मुख्य वन्यजीव रक्षकांची पूर्वसंमती लागते. कोकणात आणि घाटमाथ्यावर हा मुद्दा माहीत नसल्यामुळे कितीतरी अर्ज पडून राहतात.

बारा बोअरची नळी आटोपशीर करून घ्यायचा मोहही टाळा. नळी कापायला वेगळा परवाना लागतो, आणि मान्यता नसलेल्या लोहाराने कापलेली नळी फुटण्याचा धोका असतो तो वेगळाच.

मुदत, पत्ता, युआयएन

नूतनीकरणाचा अर्ज मुदत संपायच्या किमान दोन महिने आधी द्या आणि पोचपावती पुस्तिकेत ठेवा. मुदत उलटून गेलीच, तर शस्त्र घरात ठेवून अर्ज करू नका. आधी ते पोलीस ठाण्यात किंवा परवानाधारक विक्रेत्याकडे जमा करा. कायमचा पत्ता बदलला तर ३० दिवसांच्या आत कळवायचे असते, जुन्या कार्यालयालाही आणि नव्यालाही.

जुन्या परवानाधारकांनी पुस्तिकेवर युआयएन, म्हणजे राष्ट्रीय डेटाबेसमधला क्रमांक आहे का ते आजच पाहावे. २९ जून २०२० ही त्यासाठीची वाढवून दिलेली शेवटची तारीख होती. त्या तारखेपर्यंत क्रमांक न घेतलेले परवाने अवैध ठरवले गेले, भले पुस्तिकेवर नूतनीकरणाचा शिक्का असो.

निवडणुकीत शस्त्र जमा करण्याची नोटीस आली तर वाद घालत बसू नका. खरोखर धोका असेल तर छाननी समितीकडे पुराव्यासह अर्ज द्या. जमा करताना पावतीवर शस्त्राचा क्रमांक, काडतुसांची संख्या आणि शस्त्राची स्थिती लिहून घ्या. नुसती ‘एक नग बंदूक’ अशी पावती घेतलीत, तर परत मिळताना दस्त्याला पडलेली चीर आधीची की नंतरची, हे कुणी सांगणार नाही.

वडिलांची बंदूक

परवानाधारक वारला की त्या क्षणापासून घरातल्या कुणाकडेही ते शस्त्र ठेवण्याचा अधिकार उरत नाही. दिवसकार्य झाल्यावर पाहू, असे होते आणि वर्ष जाते. बाकीची कामे चालू असतानाच ते जमा करा, मृत्यूचा दाखला नंतर नेऊन द्या. वारसाला परवाना हवा असेल तर त्याने स्वतःचा अर्ज करायचा, इतर वारसांची लेखी संमती जोडायची. वडील हयात असतानाच हे करता येते: वयाची ७० वर्षे पूर्ण झाली किंवा बंदूक २५ वर्षे त्यांच्याकडे असली, तर त्यांना वारस सुचवता येतो. हा मार्ग फारच कमी लोक वापरतात आणि घरातले बरेच तंटे त्याने वाचतात.

आजोबांच्या वेळची ठासणीची बंदूक भिंतीवर टांगलेली असेल, घोडा तुटलेला असेल, तरी ‘ती तर शोभेची’ म्हणून सोडू नका. कायद्यातली कसोटी अशी आहे की ते शस्त्र दुरुस्त करूनही उडवता येऊ नये. घोडा बदलून बार निघत असेल, तर ती बंदूकच आहे आणि तिला परवाना लागतो. गाडीत घालून ठाण्यात नेण्याआधी ठाण्यात लेखी कळवा आणि तिला कसे आणायचे ते त्यांच्याकडूनच ठरवून घ्या.