आमदाराकडे ‘लाभाचे पद’ असेल तर तक्रार कशी करावी

महामंडळांवरच्या नेमणुकांची यादी निघाली की चौकात हमखास विचारणा होते: निवडून आलेल्या आमदाराला हे पद चालते का? बऱ्याचदा चालते, कधी चालत नाही. चालत नसेल तर त्याविरुद्ध दाद मागायला वकील किंवा विरोधी पक्षनेता असावे लागत नाही. कुणीही नागरिक ती मागू शकतो. मात्र इथे कागद बोलतात, भाषणे नाहीत.

घटनेच्या अनुच्छेद १९१ नुसार केंद्र किंवा राज्य सरकारच्या अखत्यारीतले लाभाचे पद धारण करणारा माणूस आमदार राहण्यास अपात्र ठरतो. खासदारांसाठी हीच तरतूद १०२ मध्ये आहे. मंत्रिपद यातून वगळले आहे. ‘लाभाचे पद’ म्हणजे काय, हे मात्र घटनेत कुठेच सांगितलेले नाही. न्यायालयांनी एकेका खटल्यातून त्याचा अर्थ लावत नेला.

सर्वांत आधी तारीख लावा. पद निवडणुकीआधीपासून आहे की निवडून आल्यावर मिळाले? आधीपासून असेल तर राज्यपालांकडे जाऊन उपयोग नाही. तेव्हा उच्च न्यायालयात निवडणूक याचिका करावी लागते, तीही निकालापासून ४५ दिवसांत, आणि ती त्या निवडणुकीतल्या उमेदवारालाच किंवा मतदारालाच करता येते. शिबू सोरेन यांची १९९८ सालची राज्यसभेची निवड अशाच वाटेने रद्द झाली. झारखंड स्वायत्त परिषदेच्या अध्यक्षपदाचे मानधन, घर आणि गाडी त्यांना नडली. पद निवडून आल्यानंतर मिळाले असेल तरच पुढची वाट तुमची.

मग पद तपासा. सर्वोच्च न्यायालयाने १९६४ च्या एका निकालात सांगितलेले प्रश्न आजही कामाचे आहेत. नेमणूक कोण करते? काढून कोण टाकू शकते? पैसे कुठून येतात? काम कुणाचे, आणि त्यावर अंकुश कुणाचा? सगळ्यांचे उत्तर ‘सरकार’ असेच यायला हवे असे नाही.

‘साहेबांनी एक रुपयाही उचलला नाही’ हा बचाव तुम्हाला नक्की ऐकायला मिळेल. तो २००६ मध्येच निकालात निघाला. जया बच्चन उत्तर प्रदेश चित्रपट विकास परिषदेच्या अध्यक्ष होत्या. पदाला महिना ५,००० रुपये मानधन, शिवाय आदरातिथ्याचा खर्च, गाडी वगैरे. आपण यातले काही घेतलेच नाही, असे त्यांचे म्हणणे होते. न्यायालयाने विचारले ते इतकेच, की या पदातून लाभ मिळू शकत होता का? मिळू शकत होता, म्हणून त्यांची खासदारकी गेली.

याउलट, झालेला खर्च भरून देण्यापुरता भत्ता असेल तर तो लाभ धरला जात नाही. कोपरगावचे शंकरराव कोल्हे वेतन मंडळाचे सदस्य होते म्हणून त्यांच्या निवडीला आव्हान दिले गेले होते. सर्वोच्च न्यायालयात ते टिकले नाही. म्हणून नुसते ‘मानधन’ हा शब्द दिसला की हुरळून जाऊ नका.

आता सूटीची यादी पाहा. बहुतेक तक्रारी इथेच गारद होतात. कोणती पदे असली तरी आमदारकी जाणार नाही हे ठरवायचा अधिकार विधिमंडळालाच आहे. महाराष्ट्रात त्यासाठी १९५६ चा कायदा आहे आणि त्याच्या अनुसूचीत वेळोवेळी भर पडत आली आहे. संसदेचा कायदा १९५९ चा. अशी सूट मागच्या तारखेपासूनही देता येते. थोडक्यात, ज्यांच्यावर बंधन घालायचे तेच बंधन सैल करतात, आणि हे कायदेशीर आहे! म्हणून अनुसूचीची ताजी, सर्व दुरुस्त्यांसह असलेली प्रत मिळवा. जुन्या पुस्तकावर विसंबू नका.

कागद जमवा. नेमणुकीचा शासन निर्णय सरकारच्या संकेतस्थळावर बहुधा सापडतो. मानधन, गाडी, कार्यालय, कर्मचारी यांचा तपशील माहिती अधिकारात मागवा. महाराष्ट्रात अर्ज एकाच विषयाचा आणि १५० शब्दांच्या आत हवा; शुल्क १० रुपये. ‘सर्व माहिती द्यावी’ असे लिहू नका. पदभार स्वीकारल्याची तारीख, पदाला देय असलेल्या सुविधांचा आदेश आणि प्रत्यक्ष खर्चाची देयके, असे नेमके मागा.

अर्ज राज्यपालांना करा. खासदार असेल तर राष्ट्रपतींना. विधानसभा अध्यक्षांकडे जाऊ नका. गेल्या काही वर्षांत आपल्याकडे ‘अपात्रता’ म्हटले की अध्यक्षच आठवतात, पण ते पक्षांतराचे प्रकरण. अर्जात आमदाराचे नाव व मतदारसंघ, पद, नेमणुकीची तारीख, लाभाचा तपशील लिहा, ते पद सूटीच्या यादीत नसल्याचे स्पष्ट करा आणि शेवटी एकच मागणी ठेवा: अनुच्छेद १९२ नुसार हा प्रश्न निवडणूक आयोगाकडे मतासाठी पाठवावा. भ्रष्टाचार, चारित्र्य, रस्त्यातले खड्डे यातले काही नको. सोबत प्रतिज्ञापत्र जोडा आणि पोच घ्या.

राज्यपालांनी प्रश्न आयोगाकडे पाठवायचा आणि आयोगाच्या मताप्रमाणेच निर्णय द्यायचा, अशी रचना आहे. आयोग आमदाराला नोटीस काढतो, दोन्ही बाजूंचे लेखी म्हणणे घेतो, गरज पडल्यास सुनावणी ठेवतो. सुनावणीची रीत चुकली तर केलेले सगळे वाया जाऊ शकते. संसदीय सचिव (मंत्र्यांच्या मदतनिसाचे पद) म्हणून नेमलेल्या दिल्लीच्या २० आमदारांना जानेवारी २०१८ मध्ये अपात्र ठरवले गेले. दोनच महिन्यांत उच्च न्यायालयाने तो निर्णय रद्द केला, कारण त्यांचे म्हणणे नीट ऐकून घेतले नव्हते.

दिरंगाईची तयारी ठेवा. झारखंडमध्ये तेव्हाचे मुख्यमंत्री हेमंत सोरेन यांच्याबाबत आयोगाने २०२२ मध्ये दिलेल्या मताचा बंद लिफाफा बराच गाजला. (ते प्रकरण खाणपट्ट्याचे, म्हणजे सरकारी कंत्राटाच्या कलमाखालचे होते, बातम्यांत मात्र सर्रास ‘लाभाचे पद’ छापून आले.) तिथले तेव्हाचे राज्यपाल रमेश बैस पुढे महाराष्ट्रात आले, तरी लिफाफ्यातले मत जाहीर झाले नव्हते. मात्र मणिपूरच्या १२ आमदारांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये बजावले होते की राज्यपालांना आयोगाच्या मतावर बसून राहता येत नाही. अशा वेळी उच्च न्यायालयात रिट याचिका करता येते, आणि तिथे तुमची ती पोच उपयोगी पडते.

आमदाराने मध्येच पद सोडले तर? अर्ज मागे घेऊ नका. दिल्लीतल्या नेमणुका न्यायालयाने २०१६ मध्येच रद्द केल्या होत्या, तरीही त्याआधी पद भोगले होते म्हणून आयोगाने प्रकरण पुढे चालवले.