पत्र नवऱ्याच्या हाती पडण्याआधी : घरगुती हिंसेच्या केसमध्ये धोका कसा जोखायचा

एमएसडब्ल्यू (समाजकार्यातली पदव्युत्तर पदवी) करून समुपदेशन केंद्रात किंवा पोलीस आवारातल्या विशेष कक्षात रुजू झालात की पहिल्या आठवड्यातच इंटेक फॉर्मचा, म्हणजे नव्या केसच्या पहिल्या नोंदीच्या फॉर्मचा, गठ्ठा हातात पडतो. टिसने (टाटा इन्स्टिट्यूट ऑफ सोशल सायन्सेस) १९८४ मध्ये मुंबई पोलिसांसोबत सुरू केलेलं, हिंसा सोसणाऱ्या बायकांना मदत करणाऱ्या या विशेष कक्षाचं काम पुढे राज्यभर पसरलं. त्यामुळे महाराष्ट्रात नव्या कार्यकर्तीची पहिली खुर्ची अनेकदा पोलिसांच्या शेजारीच असते. फॉर्मवर कुठेतरी ‘धोका : कमी, मध्यम, तीव्र’ अशा चौकटी असतात. त्यातल्या एकीवर बरोबरची खूण केली की काम झालं, असा समज तिथूनच सुरू होतो.

धोका एका जागी बसून राहत नाही. तो हलवणाऱ्यांत नवरा असतो, सासू असते, दारू असते, आणि आपणही असतो. कक्षातून नवऱ्याला गेलेलं बोलावण्याचं पत्र, पोलिसांनी दारात मारलेली एक चक्कर, ‘एकदा दोघांना समोरासमोर बसवू’ असं सहज ठरवलेली जॉइंट मीटिंग, या प्रत्येकाचा हिशोब रात्री घरात चुकता होतो. बाई निघून जायच्या तयारीत असते तेव्हा आणि निघून गेल्यानंतरच्या काही आठवड्यांत धोका सर्वांत जास्त असतो. नेमकी तेव्हाच आपण ‘चला, सुटली एकदाची’ म्हणून फाइल खाली ठेवतो.

पहिली बैठक

सोबत कोण आलंय ते आधी बघा. सासू, नणंद किंवा ‘गावचे काका’ बरोबर असतील तर पत्ता-आधारची नोंद करण्याचं निमित्त काढून त्यांना बाहेर बसवा आणि तक्रार घेऊन आलेल्या ताईंशी एकटीशी बोला. सख्खी आई सोबत असली तरी हेच करा, कारण आईसमोर लैंगिक जबरदस्तीबद्दल कोणी बोलत नाही.

बोलणं सुरू होण्याआधी गोपनीयतेची मर्यादा सांगून टाका. ‘तुम्ही सांगाल ते माझ्यापाशी राहील. पण कोणाच्या जिवाला धोका असेल, किंवा अठरा वर्षांखालच्या मुलावर लैंगिक अत्याचार झाल्याचं कळलं, तर मला ते पुढे कळवावंच लागतं,’ एवढी दोन वाक्यं पुरतात. पॉक्सो (मुलांना लैंगिक अत्याचारांपासून संरक्षण देणाऱ्या) कायद्याच्या कलम १९ नुसार ही माहिती पोलिसांना देणं बंधनकारक आहे. न दिल्यास कलम २१ खाली शिक्षा आहे, आणि आईची संमती नव्हती हे कारण चालत नाही. हे आधी सांगितलं नाही तर नंतर कळवताना तिला विश्वासघात वाटतो आणि ती पुन्हा येत नाही. सोळा वर्षांची गरोदर सून समोर येते तेव्हाही हेच कलम लागतं, ‘लग्न झालंय’ म्हटलं तरी.

‘मारतो का?’ या प्रश्नाला ‘कधीकधी’ हेच उत्तर मिळतं आणि त्यातून हाती काही लागत नाही. तीन प्रसंग विचारा : पहिला, सर्वांत वाईट आणि शेवटचा. प्रत्येकात कशाने मारलं, कुठे लागलं, कोण घरात होतं, दवाखान्यात गेलात का आणि नंतर तो काय म्हणाला, इतकं घ्या. तिन्ही शेजारी शेजारी मांडले की मार वाढतोय की तेवढाच आहे ते दिसतं, आणि दोन प्रसंगांमधलं अंतर कमी होतंय का तेही कळतं.

मग नावं घेऊन विचारायच्या गोष्टी. गळा दाबला का? ताई ‘गळा धरला होता नुसता’ असं म्हणतील. ते ‘नुसता’ कानाआड करायचं नाही. बाहेरून वळ नसला तरी आतून इजा असू शकते, आणि त्रास काही तासांनी किंवा दिवसांनी वाढू शकतो. आवाज बसलाय का, गिळताना दुखतं का, डोळ्यांत लाल ठिपके आलेत का, त्या वेळी शुद्ध गेली होती का, कपड्यात लघवी झाली होती का, हे सगळं विचारा. एकाचंही उत्तर हो आलं तर बोलणं थांबवून त्याच दिवशी सरकारी दवाखान्यात पाठवा, एमएलसी (मारहाणीच्या इजेची दवाखान्यातली कायदेशीर नोंद) करायला सांगा आणि सोबत कोणीतरी द्या. गळा दाबण्याचा इतिहास ही पुढे खून होण्याच्या सर्वांत ठळक खुणांपैकी एक समजली जाते. जॅकलिन कॅम्पबेल यांनी १९८०च्या दशकात अमेरिकेत बनवलेल्या ‘डेंजर असेसमेंट’ प्रश्नावलीतही तिला जागा आहे.

ती प्रश्नावली जशीच्या तशी मराठीत उतरवून चालत नाही. तिथे घरात बंदूक आहे का हा मोठा प्रश्न आहे. आपल्याकडे रॉकेलचा डबा, गॅसचा पाइप, कोयता, विळी आणि शेतावरच्या घरात फवारणीचं औषध याबद्दल विचारावं लागतं. ‘अंगावर रॉकेल ओतलं, पण काडी लावली नाही’ हा प्रसंग सांगताना कित्येक जणी हसतात. तो सर्वांत वरच्या धोक्यात लिहायचा.

याखेरीज विचारा : मारून टाकीन अशी धमकी, आणि ती कशी मारीन ते सांगून दिलेली का, गरोदरपणात मार, इच्छेविरुद्ध संबंध, ‘हे पोर माझं नाही’ असा संशय, कामावर, माहेरी, रस्त्यात पाठलाग, मोबाइल तपासणं, नोकरी सुटणं, आणि ‘तू गेलीस तर मी जीव देईन’ हे वाक्य. शेवटचं ऐकून नव्या कार्यकर्तीला नवऱ्याची दया येते. पण स्वतः मरायला निघालेला माणूस बायकोला सोबत घेऊन जाऊ शकतो, म्हणून ती धमकी तिच्याही धोक्यात मोजायची.

‘हो’ किती आले ते मोजून बेरीज करत बसू नका. गळा, पेटवण्याचा प्रयत्न, हत्यार, ठरवून दिलेली धमकी, यातलं एकच पुरेसं आहे, बाकी सगळी उत्तरं ‘नाही’ असली तरी. आणि तिचा अंदाज उलट्या बाजूनेही वापरू नका. ‘तो मला मारून टाकेल’ असं ती म्हणाली तर विश्वास ठेवा. ‘एवढं काही नाही हो’ म्हणाली तर त्यावर धोका खाली आणू नका. रोज सोसणाऱ्या माणसाला तो कमी दिसू लागतो.

एक वाक्य लिहा

चौकटीखाली मोकळी जागा असते. तिथे एकच वाक्य लिहा, पण त्यात कोणाला, कोणाकडून, कशाचा, कधी आणि कशाने धोका वाढेल हे पाचही यावं. नमुना : ‘ताईंना नवऱ्याकडून गळा दाबण्याचा किंवा कोयत्याचा धोका, पगाराच्या रात्री दारू प्यायल्यावर, आपलं पत्र मिळाल्यास किंवा माहेरी जाण्याचं कळल्यास वाढेल, धाकटी मुलगी मध्ये पडते, तिलाही इजा होऊ शकते.’ असं वाक्य तुमच्या जागी उद्या दुसरी कोणी बसली तर तिला कामाचं असतं. नुसतं ‘तीव्र’ तिला काहीच सांगत नाही.

आधार काय आहे तेही तपासून लिहा. ‘माहेर आहे’ म्हणजे आधार आहे असं नाही. रात्री अकराला दार वाजवलं तर उघडेल का, भाऊ-वहिनी किती दिवस ठेवतील, दोन दिवसांनी ‘सोडून येऊ का’ म्हणणार नाहीत ना, हे विचारा. शक्य असेल तर तिच्या परवानगीने माहेरी फोन करून खात्री करा. माहेर कच्चं निघालं तर वन स्टॉप सेंटरमध्ये (हिंसाग्रस्त बायकांसाठीच्या सरकारी मदत केंद्रात) काही दिवसांच्या तात्पुरत्या निवाऱ्याची सोय असते. तिथून पुढे शासकीय निवारागृह. मुलगा मोठा असेल तर महिलांच्या निवारागृहात घेतात का, हे आधीच फोनवर विचारून ठेवा. दारात गेल्यावर हा प्रश्न निघतो आणि बाई तिथूनच सासरी परत जाते.

पाऊल उचलण्याआधी

नवऱ्याला पत्र किंवा फोन करण्याआधी ताईंना विचारा : हे त्याच्या हातात पडेल त्या रात्री तुम्ही कुठे झोपणार? उत्तर ‘घरीच’ असेल आणि धोका वरचा असेल तर पत्र थांबतं. आधी निघण्याची सोय, मग पत्र. गळा, हत्यार, पेटवणं यातलं काही असलं तर जॉइंट मीटिंग नको. नवऱ्याशी स्वतंत्र बोला, वेगळ्या दिवशी. बाकी केसमध्ये मीटिंग घेतलीच तर ताईंना पंधरा-वीस मिनिटं आधी बाहेर सोडा आणि नवऱ्याला सह्या, पत्ता, पुढची तारीख यात गुंतवून ठेवा. बाहेर रिक्षास्टँडवर काय होतं ते आपल्याला दिसत नसतं.

नवरा गोड बोलतो, डोळ्यांत पाणी आणतो, स्टँप पेपरवर ‘पुन्हा हात उचलणार नाही’ लिहून देतो. तो कागद फाइलला लावा. त्याच्या भरवशावर फॉलोअप मात्र कमी करू नका.

कायद्याच्या पायऱ्यांतही संरक्षणाविना मोकळे दिवस असतात, ते ओळखून ठेवा. कौटुंबिक हिंसाचारापासून महिलांचं संरक्षण कायदा २००५ चा. त्याखाली संरक्षण अधिकारी नमुना १ मध्ये कौटुंबिक घटना अहवाल भरतात. तो न्यायदंडाधिकाऱ्यांकडे जातो आणि प्रत पोलीस ठाण्याला. नियमांतला नमुना ५ हा सुरक्षा आराखडाच आहे. तो बहुतेकदा कोराच जोडला जातो, तुम्ही तो खरा भरा. पहिली सुनावणी साधारण तीन दिवसांत आणि निकाल त्यापासून ६० दिवसांत अशी तरतूद आहे. प्रत्यक्षात तारखा लांबतात. म्हणून अर्जासोबतच कलम २३ खाली अंतरिम आणि एकतर्फी आदेश मागायला वकिलांना सांगा. संरक्षण आदेश मोडला तर कलम ३१ खाली एक वर्षापर्यंत कैद किंवा २० हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. ताईंनी आदेशाची प्रत घरात न ठेवता बाहेर कोणाकडे तरी ठेवावी.

पोलीस ठाण्यात साध्या मारहाणीची ‘एनसी’ लिहून पाठवतात. एनसी म्हणजे अदखलपात्र नोंद. न्यायदंडाधिकाऱ्यांच्या आदेशाशिवाय तिचा तपास होत नाही, पण नवऱ्याला ती झाल्याचं कळतं. हे सर्वांत वाईट मिश्रण : राग वाढला, संरक्षण शून्य. भारतीय न्याय संहितेचं कलम ८५ (नवऱ्याची किंवा सासरच्यांची क्रूरता, जुनं ४९८अ) लागत असेल तर तसा आग्रह धरा. १ जुलै २०२४ पासूनच्या नव्या प्रक्रियेत तीन ते सात वर्षांच्या आतल्या शिक्षेच्या गुन्ह्यांत पोलीस १४ दिवसांपर्यंत प्राथमिक चौकशी करू शकतात. हे १४ दिवस ती कुठे राहणार, ते आधीच ठरवा.

निघण्याची तयारी

पिशवी एकदम भरायला सांगू नका, घरात दिसते. रोज एक वस्तू शेजारणीकडे किंवा दुकानात ठेवायला सांगा : आधार, रेशनकार्ड, पासबुक, मुलांचे जन्मदाखले, लग्नाचा फोटो किंवा पत्रिका, चालू औषधं, पाचशे रुपये सुटे, आणि फोन नंबर कागदावर. फोन हिसकावून घेतला तर नंबर पाठ नसतात. भांडण चढलं की स्वयंपाकघर आणि मोरी सोडून दाराच्या खोलीत यायचं. गॅस, विळी, रॉकेल तिकडेच असतं. मुलांना मध्ये पडायचं नाही, शेजारी पळायचं आणि ११२ लावायचा, हे शिकवायचं. खेड्यात शेवटची एसटी किती वाजता सुटते हे आराखड्यात लिहा. आमच्या मते नमुना ५ मध्ये हा एक रकाना कमी आहे.

फॉलोअपच्या फोनची वेळ तिने ठरवायची. दुसऱ्याने उचलला तर काय बोलायचं तेही तिच्याशी ठरवा, उदाहरणार्थ बचत गटाची मीटिंग. तिचं व्हॉट्सॲप दुसऱ्या फोनवर किंवा संगणकावर जोडलेलं आहे का ते तिच्यासमोर बसून बघा, आणि तोवर मेसेज करू नका.

जीव द्यायचा विचार येतो का हेही सरळ विचारा. विचारल्याने डोक्यात भरत नाही. हो म्हणाल्या तर कसा, कधी, साधन हाताशी आहे का ते विचारा. फवारणीचं औषध घरात असेल तर ते आजच शेजारी किंवा भावाकडे हलवणं, एकटं न सोडणं, मानसोपचार विभागात नेणं आणि टेलिमानस या मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ देणं, या क्रमाने. मुलांच्या डोक्यावर हात ठेवून शपथ घ्यायला लावू नका. शपथ मोडावीशी वाटली की ती लाजेने तुम्हाला फोनच करत नाही.

नोंदी आणि तुम्ही

‘नवरा दारुडा आहे’ असं लिहू नका. ‘दुपारी साडेबाराला आला, तोंडाला दारूचा वास होता, दोनदा टेबलावर हात आपटला’ असं लिहा. तिचं बोलणं तिच्याच शब्दांत. पोलिसांशी बोलणं झालं तर वेळ, नाव, बक्कल नंबर आणि स्टेशन डायरीची नोंद. फाइल कोर्ट मागवू शकतं आणि वकील ती वाचतात, म्हणून तिचा सध्याचा पत्ता वेगळ्या पाकिटात ठेवा. पत्राच्या कार्यालयीन प्रतीवर तो चुकूनही नको.

होम व्हिजिटला दोघी जा, सकाळी जा, हालचाल नोंदवहीत जाण्याची आणि परतण्याची वेळ टाका. उशीर झाला तर कोणी फोन करायचा ते ठरलेलं असू द्या. दाराजवळ बसा. पट्ट्यांच्या सँडल घालू नका. उठून निघायची वेळ आली तर बक्कल लावत बसता येत नाही. नवरा प्यायलेला असेल तर ‘पुन्हा येऊ’ म्हणून परत फिरा, त्यात कमीपणा नाही.

सगळ्याच केस तीव्र लिहिल्या तर एकही तीव्र राहत नाही, आणि चार आठवडे फोन आला नाही म्हणजे केस शांत झाली असंही नाही. फोन काढून घेतलेला असू शकतो. ती परत सासरी गेली तर रागावू नका, फाइल बंद करू नका. पहिल्या, तिसऱ्या आणि सातव्या दिवशी ठरलेल्या वेळी फोन, आणि प्रत्येक वेळी ते एक वाक्य पुन्हा लिहायचं.

शुक्रवारी दुपारी चारला वरच्या धोक्याच्या फाइली बाहेर काढा. शनिवार-रविवारी ऑफिस बंद, तो घरी, हातात पैसे. गटारी, पगाराची तारीख, भाऊबीजेला माहेरी जाण्यावरून होणारं भांडण हेही कॅलेंडरवर आधीच खुणा करून ठेवा. प्रत्येकीला एक फोन करा, तिच्याकडे १८१ (महिला हेल्पलाइन) आणि ११२ कागदावर आहेत का विचारा, आणि फोन लागला नाही तर सहाच्या आत पर्यवेक्षकांना सांगून स्थानिक पोलीस ठाण्याला कळवायचं की नाही ते ठरवूनच कुलूप लावा.