हंपी गाइडसोबत पायी कशी पाहावी

हंपीचे जागतिक वारसा क्षेत्र सुमारे 42 चौरस किलोमीटरवर पसरलेले आहे आणि त्यात सोळाशेहून अधिक वास्तुअवशेष मोजले गेले आहेत. विजयनगरची ही राजधानी 1336 च्या सुमारास आकाराला आली आणि दख्खनच्या सुलतानांशी झालेल्या 1565 च्या तालिकोटच्या लढाईनंतर उद्ध्वस्त झाली. त्या आधी आणि नंतरही पंपाक्षेत्र, म्हणजे पंपादेवीचे तीर्थक्षेत्र, म्हणून तिची ओळख टिकून राहिली. इतका मोठा परिसर रिक्षाने एका दिवसात उरकता येतो, पण अशा फेरीत दगडी रथ आणि कमल महाल यांची छायाचित्रे तेवढी हाती लागतात. एका देवळातून दुसऱ्या देवळाकडे जाणारी वाट, मधल्या खडकांवरचे कोरीवकाम, बाजारपेठेच्या ओवऱ्या आणि पाण्याचे दगडी पाट, म्हणजेच नगर म्हणून हंपी जिथे उलगडते तो भाग, पायी चालल्याशिवाय दिसत नाही. आणि त्या भागात पाट्या फारशा नसल्यामुळे सोबत जाणता गाइड असणे आवश्यक ठरते.

चालण्यासाठी नोव्हेंबर ते फेब्रुवारी हा काळ निवडावा. उन्हाळ्यात इथला खडक सकाळी दहानंतर तापू लागतो, दुपारी तो अंगावर उष्णता फेकतो आणि गाइड कितीही चांगला असला तरी ऐकणाऱ्याचे लक्ष सावलीकडे लागते. मुक्काम होसपेटला केल्यास हंपी साधारण 13 किलोमीटरवर पडते. त्यामुळे गाइडला भेटण्याची वेळ सूर्योदयानंतर लगेचची ठरवावी आणि पहिला टप्पा ऊन चढण्यापूर्वी संपवावा. प्रत्येकाने पाणी स्वतःजवळ ठेवावे, कारण नदीकाठच्या वाटेवर ते मिळेलच असे नाही. पादत्राणे पकड असलेली आणि झटकन काढता येणारी असावीत, कारण एकीकडे गुळगुळीत खडक चढावे लागतात आणि दुसरीकडे शिवाच्या विरूपाक्ष मंदिरात अनवाणी जावे लागते.

गाइड निवडताना कर्नाटक पर्यटन विभागाचे ओळखपत्र पाहावे आणि ते पाहण्यास संकोच करू नये. त्यानंतर भाषा, तास, माणसांची संख्या, मार्ग आणि रक्कम या गोष्टी निघण्यापूर्वीच स्पष्ट कराव्यात. प्रवेशाची तिकिटे आणि वाहनाचे भाडे त्या रकमेत धरले आहे की नाही, तेही विचारून घ्यावे. दुकानांत थांबायचे नसेल तर तसे आधीच सांगावे. मात्र माझ्या मते खरी पारख ओळखपत्राने होत नाही, ती एका प्रश्नाने होते. गाइड जे सांगतो ते कशावरून सांगतो, असे त्याला आदराने विचारावे. शिलालेखावरून, प्रवाशांच्या वृत्तांतावरून, उत्खननावरून की लोकपरंपरेवरून, असा भेद जो करू शकतो त्याच्यासोबत पूर्ण दिवस काढावा. हंपीत दगड आणि कथा एकमेकांत इतक्या मिसळल्या आहेत की हा भेद करणारा माणूस मिळाला तरच दोन्हींचा आनंद घेता येतो.

हा प्रश्न विचारून पाहण्यासाठी हेमकूट टेकडीसारखी जागा नाही, म्हणून चालण्याची सुरुवात तिथून करावी. या टेकडीवर पायऱ्यापायऱ्यांच्या, पिरॅमिडसारख्या दगडी शिखरांची लहान देवळे आहेत. त्यांतली काही विजयनगरच्या स्थापनेपूर्वीची आहेत. शिखरांच्या आकारावरून त्यांना जैन मंदिरे म्हणण्याची सवय पडली आहे, वास्तविक ती प्रामुख्याने शैव आहेत. गाइड काय सांगतो ते शांतपणे ऐकावे आणि मग आधार विचारावा. टेकडीवरून खाली विरूपाक्षाचे सुमारे 50 मीटर उंचीचे गोपुर, त्याच्यासमोरचा लांब रथमार्ग, पलीकडे मातंग टेकडी आणि तुंगभद्रेचे वळण एका नजरेत येते. दिवसभराचा मार्ग इथेच उभे राहून गाइडकडून बोटाने दाखवून घ्यावा.

विरूपाक्ष मंदिर हे पूजेचे चालते स्थान आहे, त्यामुळे तिथे भाविकांची वाट अडवून व्याख्यान ऐकू नये. रंगमंडप विजयनगरचा राजा कृष्णदेवराय याने आपल्या राज्यारोहणाच्या वेळी, 1510 मध्ये, बांधवला आणि तसा शिलालेख मंदिरातच आहे. तो पाहायला मागावा. मंडपाच्या छतावर विजयनगरच्या स्थापनेशी परंपरेने जोडलेले आचार्य विद्यारण्य यांची पालखीतली मिरवणूक रंगवलेली आहे, ती मान वर करून सावकाश पाहावी. मागच्या बाजूच्या अंधाऱ्या खोलीत गोपुराची उलटी प्रतिमा भिंतीवर पडते. भिंतीतल्या लहान छिद्रातून प्रकाश सरळ रेषेत आत येतो, म्हणून वरचा भाग खाली आणि खालचा वर दिसतो. मुले सोबत असतील तर हे त्यांना तिथेच समजावून द्यावे.

यानंतर दक्षिणेकडे उतरताना दोन गणेशमूर्ती लागतात आणि पुढे कृष्ण मंदिर येते. उदयगिरीचा किल्ला जिंकल्यावर कृष्णदेवरायाने तिथून आणलेल्या बालकृष्णाची 1513 मध्ये या मंदिरात प्रतिष्ठापना केली; ती मूर्ती आता चेन्नईच्या शासकीय संग्रहालयात आहे. इथून थोड्याच अंतरावरच्या नरसिंह मूर्तीपाशी मात्र भरपूर वेळ द्यावा. ही 1528 ची, 6.7 मीटर उंचीची मूर्ती सर्रास उग्र नरसिंह म्हणून दाखवली जाते. वटारलेले डोळे आणि रुंद जबडा पाहून ते पटतेही. पण मूर्तीच्या पाठीमागे जाऊन नीट पाहिल्यास देवाच्या पाठीवर टेकलेला एक लहान हात दिसतो. तो लक्ष्मीचा हात आहे. मांडीवर बसलेली तिची मूर्ती फोडली गेली आणि आलिंगनाचा हात तेवढा उरला. म्हणजे हा लक्ष्मी-नरसिंह आहे. एवढ्या प्रचंड शिल्पाचा सगळा अर्थ त्या हातभर अवशेषाने बदलतो, आणि गाइडने तो आपण होऊन दाखवला तर त्याची निवड योग्य झाली असे खुशाल समजावे. शेजारच्या बडवीलिंगाचा, म्हणजे एकाच शिळेतल्या मोठ्या शिवलिंगाचा, पाया कायम पाण्यात असतो.

दुसरा टप्पा नदीकाठचा आहे आणि हंपीतली सर्वांत सुंदर पायवाट हीच आहे. विरूपाक्षासमोरच्या बाजारपेठेच्या पूर्व टोकाला एकाच शिळेतला नंदी आहे; तिथून चक्रतीर्थाजवळच्या कोदंडराम मंदिरापाशी यावे. वाटेत थोडे आत वळले की अच्युतराय मंदिर लागते. ते 1534 मधील आहे. त्याच्यासमोर दोन्ही बाजूंना ओवऱ्या असलेला लांब रस्ता सरळ गेलेला दिसतो. इथे गर्दी कमी असते, म्हणून गाइडला बाजारपेठांविषयी इथेच बोलते करावे. 1443 मध्ये इराणहून आलेला अब्दुर रझ्झाक आणि 1520 च्या सुमारास आलेला पोर्तुगीज दोमिंगो पायस यांनी हे नगर नांदते असताना पाहिले; पायसाला ते रोमएवढे मोठे वाटले. त्यांचे वर्णन आणि समोरच्या रिकाम्या ओवऱ्या एकत्र ठेवून पाहिल्या की चालण्याला अर्थ येतो. पुढे राजतुला, म्हणजे राजाची तुला करण्याची दगडी कमान, आणि नदीत उतरलेला कन्नड संतकवी पुरंदरदासांचा मंडप पाहत विठ्ठल मंदिर गाठावे. याच वाटेवरच्या खडकांच्या कडांना आयताकृती खाचांच्या सरळ रांगा दिसतील. दगड फोडण्यासाठी पाचरी ठोकायच्या त्या खाचा आहेत, आणि कित्येक ठिकाणी रांग पाडून काम तसेच सोडून दिलेले दिसते.

विठ्ठल मंदिरात मराठी माणसाचे पाऊल साहजिकच अडखळते. गाभाऱ्यात मूर्ती नाही. वारकरी परंपरा सांगते की कृष्णदेवरायाने पंढरपूरहून विठ्ठल इथे आणला आणि एकनाथांचे पणजोबा संत भानुदास यांनी तो परत नेला. ही कथा गाइडकडून जरूर ऐकावी, आपल्याला माहीत असलेली त्याला सांगावी आणि श्रद्धेने ऐकतानाही ती परंपरा म्हणूनच ऐकावी. पुरंदरदासांच्या कन्नड पदांची नाममुद्रा ‘पुरंदर विठ्ठल’ आहे, हे इथे आठवले तर तुंगभद्रा आणि चंद्रभागा यांच्यातले अंतर एकदम कमी होते.

दगडी रथ म्हणजे गरुडाचे देऊळ आहे. पन्नास रुपयांच्या नव्या नोटेवर तो आहे, पण नोटेवर जे दिसत नाही ते पाहावे. रथापुढे आज हत्ती उभे आहेत. त्यांच्या मागे वाकून पाहिल्यास घोड्यांचे मागचे पाय आणि शेपटीचा भाग दगडात शिल्लक दिसतो, म्हणजे मूळ रथ घोड्यांचा होता. अलेक्झांडर ग्रीनलॉ यांनी 1856 मध्ये काढलेल्या छायाचित्रात रथावर विटांचे शिखरही आहे, जे आता नाही. महामंडपातले बारीक खांब मुख्य खांबासह एकाच शिळेतून काढलेले आहेत आणि त्यांवर टिचकी मारल्यास स्वर निघतो, म्हणूनच आजवर त्यांची बरीच झीज झाली. वाजवण्यास बंदी आहे. गाइड कौतुकाने वाजवून दाखवू लागला तर त्याला नम्रपणे, पण ठामपणे थांबवावे.

तिकिटाचा विचार इथेच करावा लागतो. विठ्ठल मंदिराचे तिकीट त्याच दिवशी राणीवशाच्या आवारात, म्हणजे कमल महाल आणि गजशाळेसाठी, तसेच कमलापूरच्या पुरातत्त्व संग्रहालयातही चालते. त्यामुळे सगळे एकाच दिवसात बसवण्याचा मोह होतो. तो टाळावा आणि राजकेंद्रासाठी, म्हणजे राजवाडे आणि दरबाराच्या भागासाठी, दुसरा दिवस राखून तिकीट पुन्हा काढावे, असे माझे स्पष्ट मत आहे. दुसऱ्या दिवशी सकाळी आधी संग्रहालयात जावे, कारण तिथल्या अंगणात संपूर्ण परिसराची मोठी प्रतिकृती आहे आणि ती पाहिल्यावर टेकड्या, नदी आणि तटबंदी यांचा मेळ बसतो. शुक्रवारी संग्रहालय बंद असते.

राजकेंद्रात हजारराम मंदिरापासून सुरुवात करावी. आवाराच्या बाहेरच्या भिंतीवर हत्ती, घोडे, सैनिक आणि नर्तकी यांच्या मिरवणुकीचे पट्टे आहेत, तर आत मंदिराच्या भिंतींवर रामकथा ओळींनी कोरली आहे. गाइडने पहिला प्रसंग दाखवावा आणि पुढचे आपण ओळखत प्रदक्षिणा घालावी; रामायण लहानपणापासून ऐकलेल्या माणसाला हे सहज जमते. महानवमी दिब्बा या उंच दगडी चौथऱ्यावर चढून नवरात्रोत्सवाचे पायसाने केलेले वर्णन ऐकावे आणि उतरताना चौथऱ्याच्या बाजूंवर घोडे घेऊन आलेले परदेशी लोक शोधावेत. जवळची पायऱ्यांची पुष्करणी 1980 च्या दशकातील उत्खननात सापडली. तिच्या काळ्या दगडांवर खुणेची अक्षरे आहेत. कोणता दगड कुठे बसवायचा हे गवंड्याला कळावे म्हणून ती कोरलेली आहेत. राजवाड्यांची मात्र जोतीच उरली आहेत, कारण वरचे बांधकाम लाकडाचे होते आणि ते आगीत गेले. कमल महाल, अकरा दालनांची गजशाळा आणि राणीचे स्नानगृह थोडक्यात आटोपले तरी चालेल. तिथल्या कमानी आणि घुमट तेवढे लक्षपूर्वक पाहावेत, कारण दख्खनच्या सुलतानांशी लढणाऱ्या या दरबाराने त्यांची बांधकामाची रीत मोकळेपणाने स्वीकारली होती.

ठरलेली रक्कम फेरी संपल्यावर हातात द्यावी आणि त्याच वेळी, आपल्याला एकट्याने पुन्हा कुठे जावे, असे गाइडला विचारावे. तो बहुधा मातंग टेकडी सुचवील. तिथे सूर्यास्ताला जायचे असल्यास एकटे जाऊ नये, विजेरी जवळ ठेवावी आणि अंधार पडण्यापूर्वी उतरायला लागावे, कारण पायऱ्या तुटलेल्या आहेत आणि खडकांमध्ये वाट चुकते.