आरोपीचं अपील चालू असलं तरी भरपाईचा अर्ज टाका

जिल्हा न्यायालयात विधी सेवा प्राधिकरणाच्या पॅनेलवर मी वकील आहे. बलात्काराच्या किंवा पोक्सोच्या (मुलांवरच्या लैंगिक अत्याचारांविरुद्धच्या कायद्याच्या) खटल्यात शिक्षा लागली की पीडितेच्या घरचे समोर बसून पहिलं हेच विचारतात, "मॅडम, तो हायकोर्टात गेला म्हणे. मग आता पैसे अडकले का?"

काही अडकतात, सगळे नाही. कुठले, ते निकालाच्या शेवटच्या आदेशात लिहिलेलं असतं. म्हणून निकालाच्या दिवशीच प्रमाणित नकलेचा अर्ज द्या आणि नक्कल हातात आली की आधी शेवटची पानं उघडा.

तिथे "दंडाच्या रकमेतून पीडितेला अमुक रुपये द्यावेत" असं असेल, तर ती रक्कम अपिलाची मुदत संपेपर्यंत मिळत नाही. अपील झालं तर त्याचा निकाल लागेपर्यंत थांबावं लागतं. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम 395 तसं सांगतं. शिवाय आरोपीनं दंड भरलाय का, हेही नाझरकडे, म्हणजे न्यायालयात पैशांचा हिशेब ठेवणाऱ्या अधिकाऱ्याकडे, विचारून घ्या. कित्येकदा तो भरलेलाच नसतो आणि घरचे कागदावरच्या आकड्यावर हिशेब मांडून बसलेले असतात.

सरकारी योजनेतली भरपाई मात्र वेगळी. ती कलम 396 खाली जिल्हा विधी सेवा प्राधिकरण ठरवतं, आणि आरोपीचं अपील प्रलंबित आहे म्हणून तिचा अर्ज थांबवायचं काही कारण नाही. आरोपी निर्दोष सुटला तरी पीडितेच्या पुनर्वसनासाठी न्यायालय शिफारस करू शकतं. आरोपी सापडलाच नाही, तरी अर्ज करता येतो. महाराष्ट्रात यासाठी मनोधैर्य योजना आहे, 2013 पासून. गंभीर प्रकरणांत मदत 10 लाखांपर्यंत जाते. हा अर्ज एफआयआर झाल्यापासूनच करता येतो, निकालाची वाट बघायची नसते. पोक्सोच्या प्रकरणात तर विशेष न्यायालयच खटला चालू असताना अंतरिम भरपाई देऊ शकतं.

अर्जासोबत एफआयआरची प्रत, वैद्यकीय कागद, आधार, बँकेचं पासबुक आणि निकाल झाला असेल तर त्याची नक्कल जोडा. खरी अडचण दोन ठिकाणी येते. निकालपत्रात पीडितेचं नाव नसतं, नुसतं "एक्स" किंवा "पीडिता" असतं. त्यामुळे ही तीच मुलगी, हे कागदांवरून जुळायला हवं. पोलीस ठाणं, गुन्हा रजिस्टर नंबर आणि विशेष खटल्याचा नंबर अर्जात पहिल्याच परिच्छेदात घाला. दुसरं म्हणजे खातं. पासबुकावर माहेरचं नाव, आधारवर सासरचं, असं असलं की फाइल आठवडेच्या आठवडे पडून राहते. खातं तिच्याच नावाचं असू द्या. सासऱ्यांच्या किंवा भावाच्या खात्यात रक्कम घ्यायला मी स्पष्ट नकार देते, त्यांना राग आला तरी. आणि निकालाचा फोटो व्हॉट्सअ‍ॅपवर फिरवू नका. तिची ओळख उघड करणं हा गुन्हा आहे आणि त्याला दोन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते.

आता तुमचं अपील. आरोपी सुटला, कमी गंभीर कलमाखाली दोषी ठरला किंवा भरपाई अपुरी मिळाली, तर पीडितेला स्वतः अपील करता येतं. हा हक्क नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 413 च्या परंतुकात आहे, पूर्वी तो जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम 372 मध्ये होता. सरकार अपील करतंय की नाही याची वाट बघावी लागत नाही. उच्च न्यायालयाची आगाऊ परवानगीही लागत नाही, सर्वोच्च न्यायालयानं 2018 मध्ये मल्लिकार्जुन कोडगली खटल्यात ते ठरवून दिलंय. शिक्षाच कमी झाली, एवढ्याच तक्रारीवर मात्र पीडितेचं अपील चालत नाही. ते सरकारनं करायचं असतं, तेव्हा सरकारी वकिलांकडे लेखी मागणी द्या. मुदतीवरून वाद होतात, म्हणून मी 60 दिवसांच्या आतच दाखल करायला सांगते. उशीर झालाच तर विलंब माफीचा अर्ज जोडावा लागतो.

आरोपीच्या अपिलात बहुतेक घरं गाफील राहतात ती शिक्षा स्थगितीच्या अर्जाबाबत, म्हणजे अपिलाचा निकाल लागेपर्यंत शिक्षा थांबवून जामिनावर सोडा अशी आरोपीची मागणी. खटला संपला म्हणून सगळे निवांत असतात आणि मग आरोपी गावात दिसतो. ई-कोर्ट्स या न्यायालयांच्या संकेतस्थळावर आरोपीच्या नावानं हायकोर्टातला नंबर शोधून ठेवा आणि वकीलपत्र दाखल करून ऐकून घेण्याची मागणी करा. पीडितेला प्रत्येक टप्प्यावर म्हणणं मांडता येतं, हेही सर्वोच्च न्यायालयानं 2022 मध्ये सांगितलंय. आरोपी किंवा त्याचे नातेवाईक धमकावत असतील तर त्याची पोलीस तक्रार त्या वेळी हातात हवी, तोंडी सांगण्याला तिथे फार वजन नसतं.

वकिलाच्या फीची काळजी करू नका. महिला आणि मुलांना उत्पन्न कितीही असलं तरी मोफत वकील मिळतो, हायकोर्टातही. 15100 या विधी सेवेच्या हेल्पलाइनवर फोन करा किंवा थेट न्यायालयाच्या आवारातल्या प्राधिकरणाच्या कार्यालयात जा, येताना निकालाची नक्कल सोबत आणा.