जॉकी व्हायचंय? मग या चुका टाळा (यातल्या बऱ्याच घोड्यावरून उतरल्यावरच्या आहेत)

आधीच सांगून टाकतो, जॉकीचं करिअर घोड्यावर बसून बिघडतं त्यापेक्षा खाली उतरल्यावर जास्त बिघडतं. इंडियन डर्बीएवढी मोठी रेस, 2400 मीटरची, पण अडीच मिनिटांच्या आसपास खलास. उरलेल्या दिवसात पोरगा काय खातो, कोणाशी फोनवर बोलतो, पहाटे ट्रॅकवर वेळेत येतो का, यावरच पुढच्या राइड्स ठरतात.

सगळ्यात मोठी चूक वजनाची, आणि ती जवळपास सगळेच करतात. हॅन्डिकॅप रेसमध्ये (चांगल्या घोड्यावर जास्त, कमजोरावर कमी वजन ठेवून बरोबरी साधतात ती) सगळ्यात कमजोर घोड्याला 50 किलोच्या आसपास वजन असतं, त्यात खोगीर, बूट, कपडे सगळं धरलेलं, म्हणजे तुमचं स्वतःचं वजन त्याहूनही खाली पाहिजे. मग काय होतं, आठवडाभर वडापाव आणि रेसच्या आदल्या दिवशी काट्यावर उभं राहून डोळे पांढरे, पाणी बंद, स्वेटसूट घालून भर उन्हात पळापळ, रात्री उपाशी. काटा खाली येतो, पण गेलं ते पाणी असतं, चरबी नाही. शरीराच्या वजनाच्या दोन-तीन टक्के पाणी गेलं तरी ताकद आणि लक्ष दोन्ही ढिलं पडतं आणि अशा अवस्थेत ताशी 60 किलोमीटरने पळणाऱ्या पाचशे किलोच्या जनावरावर तोल सांभाळायचा असतो. वर्षानुवर्षं हेच केलं की हाडं कमजोर होतात, मग साध्या पडण्यातही फ्रॅक्चर. ब्रिटनमध्ये 2021 मध्ये रेसकोर्सवरच्या सॉना (घाम काढायच्या गरम खोल्या) कायमच्या बंद केल्या त्या यामुळेच. आणि लघवीच्या गोळ्या तर बिलकुल नको, त्यातलं फ्युरोसेमाइड तपासणीत सापडतं आणि पोटॅशियम घसरून हृदयाला धोका तो वेगळाच.

उपाय कंटाळवाणा आहे. रोज सकाळी एकाच वेळी वजन करून लिहून ठेवायचं, सीझन नसतानाही रेसच्या वजनापेक्षा दोन-तीन किलोच्या वर जाऊ द्यायचं नाही, आणि खेळाडूंसोबत काम करणारा आहारतज्ज्ञ गाठायचा, तबेल्यातल्या सिनियरचा सल्ला पुरत नाही. वयात येताना उंची वाढतच राहिली तर हट्ट करू नका. अमेरिकन जॉकी स्टीव्ह कॉथन बघा, 1978 मध्ये अठराव्या वर्षी अफर्म्ड या घोड्यावर अमेरिकेचा ट्रिपल क्राउन (तीन मोठ्या रेसेस) जिंकला, मग वजन झेपेना तर सरळ इंग्लंडला गेला, तिथे वजनं जरा वरची असतात, आणि तिथेही तीनदा चॅम्पियन जॉकी झाला. उलटं उदाहरण ब्रिटनच्या फ्रेड आर्चरचं, सलग 13 वर्षं चॅम्पियन, उंच माणूस, एका रेससाठी उपाशी राहून वजन उतरवलं आणि रेस थोडक्यात हरला, त्यानंतर तापाने पडला आणि 1886 मध्ये वयाच्या 29व्या वर्षी त्याने स्वतःचा जीव घेतला. बायको आधीच गेली होती, त्यामुळे सगळं वजनावर ढकलता येत नाही, पण शरीर आणि डोकं दोन्ही पिळून निघालेलं होतं.

दुसरं, विनिंग पोस्टच्या (रेस संपते त्या खांबाच्या) आधी घोडा सैल सोडणं. ही नवशिक्याची चूक वाटते ना? 1957 च्या अमेरिकेतल्या केंटकी डर्बीत बिल शूमेकरसारख्या नामवंत जॉकीने गॅलंट मॅन या घोड्यावर पोस्ट चुकीच्या जागी समजून रिकिबीत उभा राहायला सुरुवात केली आणि रेस नाकाच्या अंतराने गेली. वर 15 दिवस सस्पेन्शन. पण त्याने लगेच कबूल केलं, थापा मारल्या नाहीत, आणि पुढे बेलमाँट स्टेक्स या मोठ्या रेसला त्याच घोड्यावर तोच बसला, जिंकलाही. आपल्याकडे पोरं स्टुअर्डसमोर (रेसची चौकशी करणाऱ्या अधिकाऱ्यांसमोर) "घोडा दमला होता" म्हणतात, समोर रेसवर नजर ठेवणाऱ्या कॅमेऱ्याचं फुटेज चालू असतं!

व्हिपचे (चाबकाचे) नियम प्रत्येक सीझनला वाचा, बदलत असतात. ब्रिटनमध्ये फ्लॅट रेसला (अडथळे नसलेल्या) 6 वेळाच मुभा आहे आणि त्यावर आणखी 4 मारले तर घोडाच बाद, म्हणजे मालकाचं बक्षीसही गेलं. रेसनंतर वजन द्यायला थेट काट्यावर जायचं, फोटो-बिटो नंतर.

पुण्यात पावसाळी सीझन असतो, बऱ्याच रेसेस झाल्या की आतल्या रेलिंगजवळची जमीन खणल्यासारखी होते. तरी काही जण सवयीने आतच घुसतात. सकाळी ट्रॅक पायी फिरून या, पाच मिनिटात कळतं.

पडल्यावर "मी ठीक आहे" म्हणून पुढची रेस चालवायची, ही मर्दुमकी नाही. डोकं आपटलं असेल, उलटी, धूसर दिसणं, आवाज त्रासदायक वाटणं असं काही असेल तर डॉक्टरला सांगायचंच, राइड गेली तर गेली. जॉकी कार्ल उम्रीगर 1979 मध्ये मुंबईच्या महालक्ष्मी रेसकोर्सवर पडून गेला तेव्हा 19 वर्षांचा होता. सेफ्टी व्हेस्ट गरम होतं म्हणून सैल बांधणाऱ्यांनी हे लक्षात ठेवावं.

अप्रेंटिसला (शिकाऊ जॉकीला) वजनात सूट असते तोपर्यंत ट्रेनर स्वतः फोन करतात, ब्रिटनमध्ये ही सूट 20, 50 आणि 95 विजयांवर टप्प्याटप्प्याने 7, 5, 3 पौंड अशी कमी होत संपते. सूट संपली की फोनही संपतात, आणि पोरगा म्हणतो राजकारण झालं. राजकारण असतंही, नाही असं नाही, पण सूट असताना फक्त हलक्या वजनाचं म्हणून राइड मिळत होती हे मान्य करायला हवं. त्याच काळात रेस वाचायला शिका, आणि ज्या ट्रेनरची रेसची राइड मिळत नाही त्याच्याकडेही पहाटेचं ट्रॅकवर्क (घोड्यांना सराव देणं) करा.

बेटिंग करू नका, टिप देऊ नका. मित्राला व्हॉट्सअ‍ॅपवर "आज घोडा फिट आहे" एवढं लिहिलंत तरी लायसन्स धोक्यात.

आणि पैशाचं. मुंबईचा सीझन साधारण नोव्हेंबर ते एप्रिल, पुण्याचा जुलैपासून, मध्ये दोन-अडीच महिने इथे कमाई नाही, त्यात बंगळुरूच्या समर सीझनला राइड मिळाली तर ठीक, नाहीतर घरी. एप्रिलपर्यंतच्या पैशातून आधी मे-जूनचा खर्च बाजूला काढा, अपघात विमा स्वतःच्या नावाने वेगळा घ्या, बाईक त्यानंतर.